वचनांची वही : वाचकांचे प्रश्न, आमची उत्तरं

मनात घर करून बसलेलं वचन कोणतं, आणि ते जपताना किंवा वापरताना काय अडतं, असं आम्ही मागच्या अंकात वाचकांना विचारलं होतं. विदर्भातल्या गावांतून आलेल्या पत्रांपैकी सात इथे घेतली आहेत. पत्रं थोडी आटोपशीर केली आहेत आणि नावं छापलेली नाहीत.

प्रश्न : आमच्या जिल्हा परिषद शाळेत परिपाठाला रोज नवा सुविचार असतो. दुसऱ्या दिवशी विचारलं तर एकाही लेकराला आठवत नाही. चौथी-पाचवीसाठी काय बदल करावा?
(शिक्षिका, ता. दारव्हा, जि. यवतमाळ)

उत्तर : ताई, दोष लेकरांचा नाही. वर्षभरात दोनशेच्या आसपास वाक्यं त्यांच्या डोळ्यांपुढून जातात. एखादं टिकावं असं वाटत असेल तर त्याला मुक्काम द्यावा लागतो. एक वचन दोन आठवडे फळ्यावर राहू द्या. वर्षाला सोळा-अठरा वचनं होतील आणि प्राथमिक शाळेला तेवढी पुष्कळ आहेत.

निवडताना शब्द दहा-बाराच्या वर नकोत. पूर्ण अभंग किंवा उतारा तुमच्या हाताशी हवा. आणि लेकरांनी डोळ्यांनी पाहिलेलं काहीतरी त्यात असावं. सावता माळ्यांचं ‘कांदा मुळा भाजी, अवघी विठाई माझी’ इथे चपखल बसतं. ‘यश हे परिश्रमाचे फलित होय’ बसत नाही, कारण त्यात पाहण्यासारखं काहीच नाही.

पहिल्या दिवशी अर्थ सांगू नका. वचन सावकाश तीनदा वाचा आणि मुलांनाच विचारा, हे कोण कोणाला म्हणत असेल? दुसऱ्या दिवशी फळ्यावरचे दोन-तीन शब्द पुसून जागा रिकाम्या ठेवा, तिसऱ्या दिवशी निम्मे पुसा. चौथ्या दिवशी मुलांनी तेच घरच्या बोलीत सांगायचं. वऱ्हाडीत सांगितलं तर सुधारू नका, कारण आपल्या बोलीत उतरवता आलं म्हणजे अर्थ कळला याची ती खूण आहे. पाचव्या दिवशी फळा कोरा ठेवा आणि प्रत्येकाला आठवून लिहायला लावा. दुसऱ्या आठवड्यात एकच प्रश्न रोज फिरवत ठेवा : हे कधी खरं ठरत नाही का? या प्रश्नाला घाबरू नका. मुलं वचनाशी भांडतात तेव्हाच ते त्यांचं होतं.

मग एका आठवड्याने, तीन आठवड्यांनी आणि दोन महिन्यांनी उजळणी घ्या. हर्मान एबिंगहाउस या जर्मन अभ्यासकाने १८८५ मध्ये विसरण्यावरचे प्रयोग प्रसिद्ध केले. शिकलेलं पहिल्या काही तासांत आणि दिवसांत सर्वांत जास्त गळतं, नंतर गळती मंदावते, असं त्यांतून दिसलं. म्हणून पहिली उजळणी लवकर हवी. एक चूक हमखास होते : सगळ्या वर्गाने एका सुरात म्हणणं. त्या आवाजात न येणारी मुलं लपतात आणि शिक्षकाला वाटतं सगळ्यांना आलं.

वरच्या वर्गांसाठी एक गोष्ट आवर्जून करा, वचनाच्या आधीच्या ओळी द्या. ‘असाध्य ते साध्य करिता सायास, कारण अभ्यास तुका म्हणे’ हे प्रत्येक शाळेच्या भिंतीवर असतं आणि परीक्षेच्या काळात मुलांना दटावायला वापरलं जातं. तुकोबांच्या त्या अभंगाची सुरुवात वेगळीच आहे : ‘साधूनी बचनाग खाती तोळा तोळा’, आणि पुढे ‘साधूनी भुजंग धरितील हाती’. बचनाग हे जहरी विष आहे. जे दुसऱ्याला डोळ्यांनी बघवत नाही ते एखादा तोळ्यातोळ्याने सवय करून पचवतो, ज्या सापाला बघून इतर कापतात तो एखादा हातात धरतो. इथे भर थोड्याथोड्या सवयीवर आहे, एका रात्रीच्या जागरणावर नाही. (बचनाग कोणी चाखून बघू नये, हे मुलांना स्पष्ट सांगा.) हे वाचलेलं पोर गणिताला रोज पाव तास बसण्याचं कारण त्या वचनात शोधू शकतं. नुसत्या शेवटच्या ओळीत त्याला फक्त हुकूम ऐकू येतो.

प्रश्न : दोन ऑक्टोबरच्या फ्लेक्ससाठी ‘जगात जो बदल पाहू इच्छिता, तो स्वतः बना – महात्मा गांधी’ हे वाक्य ठरलं आहे. एक मित्र म्हणतो, ते गांधीजींचं नाहीच. सेवाग्राम आमच्यापासून जवळ, तिथे चुकीचं लावलं तर बरं दिसणार नाही. खरं-खोटं ओळखायचं कसं?
(युवक मंडळाचा सचिव, ता. आर्वी, जि. वर्धा)

उत्तर : मित्राचं बरोबर आहे. या शब्दांत ते वाक्य गांधीजींच्या लेखनात सापडत नाही. त्याच्या जवळचं मात्र सापडतं. १९१३ मध्ये दक्षिण आफ्रिकेत असताना ‘इंडियन ओपिनियन’मध्ये ते आरोग्यावर लेखमाला लिहीत होते. त्यात सर्पदंशाच्या प्रकरणात त्यांनी मांडलं की बाहेरच्या जगात दिसणाऱ्या प्रवृत्ती आपल्या आतही असतात, आणि आपण स्वतःला बदलू शकलो तर जगाच्या प्रवृत्तीही बदलतील. फ्लेक्सवरच्या वाक्यात आज्ञा आहे. मूळ लेखनात ‘बदलू शकलो तर’ अशी अट आहे आणि ती माणसाला आधी आपल्या आत बघायला लावते. आम्हाला मूळ जास्त मोलाचं वाटतं.

तुमच्या फ्लेक्ससाठी दुसरा पर्याय आहे. गांधीजींनी ऑगस्ट १९४७ मध्ये लिहून दिलेली छोटी टीप अनेक पाठ्यपुस्तकांच्या सुरुवातीला छापलेली असते. तिचा आशय असा : मनात शंका आली की तुम्ही पाहिलेल्या सर्वांत गरीब, दुबळ्या माणसाचा चेहरा आठवा आणि स्वतःला विचारा, मी टाकणार असलेल्या पावलाचा त्याला काही उपयोग होईल का? ग्रामसभेच्या दारावर लावण्यासारखं आहे हे.

आता तपासायची रीत. वाक्याखाली नुसतं नाव असेल आणि ग्रंथ, भाषणाचं ठिकाण, तारीख यांतलं काहीच नसेल, तर शोध घ्या. त्यातले आठवणीत राहतील असे तीन-चार शब्द एकत्र धरून संकलित साहित्यात शोधा. गांधीजींचं संकलित साहित्य इंग्रजीत शंभर खंडांत आहे आणि इंटरनेटवर मोफत वाचता येतं. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे लेखन आणि भाषणांचे खंड महाराष्ट्र शासनाने १९७९ पासून काढले आहेत. तालुक्याच्या वाचनालयात यांतलं काय आहे ते ग्रंथपालांना विचारा. शोधूनही सापडलं नाही तर वाक्य हवं तर ठेवा, नाव काढा. चांगलं वाक्य नावाशिवायही उभं राहतं, आणि न राहिलं तर ते तेवढं चांगलं नव्हतं.

मूळ सापडलं की आणखी एक लाभ होतो. ‘शिका, संघटित व्हा, संघर्ष करा’ आपल्याकडे घराघरांत आहे. जुलै १९४२ मध्ये नागपूरला भरलेल्या अखिल भारतीय दलित वर्ग परिषदेत बाबासाहेबांनी इंग्रजी भाषणाच्या शेवटी हा उपदेश केला, आणि त्याला लागूनच म्हटलं : स्वतःवर विश्वास ठेवा. न्याय आपल्या बाजूला असताना ही लढाई हरण्याचं कारण मला दिसत नाही, असंही ते म्हणाले. ही लढाई संपत्तीसाठी किंवा सत्तेसाठी नाही, स्वातंत्र्यासाठी आहे, हे त्याच भागात येतं. फलकावर तीन क्रियापदं येतात आणि त्यांना बळ देणारा हा मजकूर गळून पडतो. जागा असेल तर ‘स्वतःवर विश्वास ठेवा’ हे शब्द आणि ‘नागपूर, १९४२’ एवढं तरी खाली लिहा. आपल्याच भूमीवर हे बोललं गेलं, हे पोरांना कळू द्या.

अभंगांबाबत एक खबरदारी. गाथेच्या वेगवेगळ्या आवृत्त्यांत अभंगांचे क्रमांक वेगळे आहेत. नुसता क्रमांक लिहिलात तर दुसऱ्याला सापडत नाही. कोणती गाथा ते सोबत लिहा.

प्रश्न : बारावीला चांगले मार्क आहेत, नर्सिंगला जायचं आहे. आजी आणि मोठे काका म्हणतात, ‘ठेविले अनंते तैसेचि राहावे.’ आजीला उलटून बोलायचं नाही. पण हे वचन ऐकलं की मनच खचतं.
(विद्यार्थिनी, ता. मेहकर, जि. बुलढाणा)

उत्तर : पोरी, आजीचं वचन खोटं नाही. ते अर्धं आहे. पुढची ओळ आहे ‘चित्ती असो द्यावे समाधान’, आणि त्यापुढे ‘वाहिल्या उद्वेग दुःखचि केवळ’. जे हातात नाही त्याची चिंता वाहत बसलं तर दुःखच वाढतं, असं तुकोबा सांगतात. त्याच अभंगात संचिताचं फळ भोगावं लागतं असंही आहे, ते लपवायचं कारण नाही. पण संसाराचा भार देवाच्या पायी ठेवा असा शेवट करणाऱ्या या अभंगात हातपाय हलवू नका असं कुठेही म्हटलेलं नाही. पाऊस लांबला तर हे वचन आधार देतं. प्रवेशाचा अर्ज भरायचा की नाही, हा त्याचा विषयच नव्हे.

तुकोबांचंच दुसरं वचन आजीपुढे ठेव : ‘जोडोनिया धन उत्तम व्यवहारे, उदास विचारे वेच करी.’ चांगल्या मार्गाने धन जोडावं, आणि त्यात जीव न अडकवता ते खर्च करावं. जोडायचं म्हणजे कमवायचं आलं. आणि ‘जे का रंजले गांजले, त्यासि म्हणे जो आपुले’ हे तर रुग्णसेवेचंच वर्णन म्हणता येईल.

हे वादात फेकू नकोस, वचनावर वचन आपटलं की कोणीच ऐकत नाही. संध्याकाळी निवांत वेळी आजीला म्हण, ‘आजी, तो पूर्ण अभंग म्हण ना.’ आजीला पूर्ण येत असेल तर तिलाच अर्थ विचार, येत नसेल तर दोघी मिळून गाथेतून वाचा. त्यानंतर काकांपुढे कागदावर ठोस गोष्टी ठेव : अर्जाची शेवटची तारीख, फी, शिष्यवृत्ती, वसतिगृह, जाण्या-येण्याची एसटी. काकांचा विरोध बऱ्याचदा खर्चाला आणि सुरक्षिततेला असतो आणि वचन पुढे केलं जातं. त्या शंकांना वचनाने उत्तर देता येणार नाही, आकड्यांनीच देता येईल.

प्रश्न : शेजारच्या दादाची पऱ्हाटी बोंडअळीने गेली. डोक्यावर कर्ज आहे. परवा म्हणाला, ‘आता जगून काय करू?’ धीर देणारं एखादं वचन सांगा, मी त्याला व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवतो.
(शेतकरी, ता. राळेगाव, जि. यवतमाळ)

उत्तर : दादा, पाठवू नका, आजच त्याच्याकडे जा. एवढ्या दुःखात असलेल्या माणसाला सुविचार मिळाला की त्याला वाटतं, याला माझं कळलंच नाही. त्याच्याजवळ बसा, मधे न बोलता ऐका आणि सरळ विचारा : जीव द्यायचा विचार मनात येतो का? विचारल्याने तो विचार डोक्यात शिरत नाही, उलट बोलायला वाट मिळते. हो म्हणाला तर त्याला एकटं सोडू नका. फवारणीची औषधं त्या घरातून हलवा किंवा दुसऱ्याच्या ताब्यात कुलपात ठेवा. घरच्यांना विश्वासात घ्या. टेलि-मानसचा १४४१६ हा क्रमांक मोफत आहे, चोवीस तास चालतो आणि मराठीत बोलता येतं. तुम्ही स्वतः लावून फोन त्याच्या हातात द्या. जिल्हा रुग्णालयात मानसोपचार मिळतो, तिथे सोबत जा. कर्जाच्या कागदांसाठी बँकेत जायचं असेल तर तिथेही.

गाडगेबाबांचा रोकडा धर्म तुम्हाला ठाऊक असेल : भुकेलेल्यांना अन्न, तहानलेल्यांना पाणी, उघड्यानागड्यांना वस्त्र, आणि त्याच यादीत दुःखी व निराशांना हिंमत. बाबांनी हिंमत अन्नपाण्याच्या पंगतीत बसवली आहे. भाकरी जशी नेऊन द्यावी लागते तशी तीही.

प्रश्न : ग्रामपंचायतीच्या भिंतीवर दरवर्षी वचनं रंगवतो. दुसऱ्या पावसाळ्यात पोपडे निघतात, अक्षरं वाचता येत नाहीत. उपाय सांगा.
(ग्रामपंचायत सदस्य, ता. दर्यापूर, जि. अमरावती)

उत्तर : तुमचा तालुका खारपाणपट्ट्यात येतो, दुखणं बहुतेक तिथेच आहे. जमिनीतलं क्षारयुक्त पाणी भिंतीत वर चढतं, पाणी उडून जातं, क्षार पृष्ठभागाखाली साचून फुगतात आणि रंगाला ढकलतात. ऑइल पेंटने ओल आतच कोंडते, म्हणून तिथे पोपडे लवकर येतात.

पांढरे क्षार कोरड्या ताठ ब्रशने झाडून काढा. पाण्याने धुऊ नका, क्षार विरघळून पुन्हा आत जातात. मजकूर जमिनीपासून चार फुटांच्या वर घ्या, कारण खालचे तीन फूट ओल सर्वांत जास्त. रंग पाण्यात मिसळणारा, भिंतीला श्वास घेऊ देणारा वापरा. नवं प्लास्टर असेल तर चार आठवडे थांबा. भिंत फारच खारी असेल तर पत्र्याचा बोर्ड करून भिंतीपासून दोन बोटं अंतर सोडून लावा. खर्च एकदाच होतो. काम दिवाळीनंतर ते फेब्रुवारीपर्यंत करा. पावसाची ओल तोवर उतरलेली असते, आणि एप्रिल-मेच्या उन्हासारखा रंग ब्रशवरच वाळत नाही.

पश्चिमेच्या भिंतीवर झगमगीत लाल आणि गुलाबी वापरू नका, ते उन्हाने उडतात. काळा आणि गेरूचा तांबडा टिकतो.

अक्षरं छोटी हीच सर्वांत मोठी चूक. दहा फुटांवरून वाचायला एक इंच उंची लागते, म्हणजे तीस फुटांच्या रस्त्यापलीकडून किमान तीन इंच. मोटारसायकलवरून जाणाऱ्यांनी वाचावं असं वाटत असेल तर पाच घ्या. ही उंची मात्रा-वेलांटी सोडून धरा. दोन ओळींत अक्षराएवढी जागा सोडा, नाहीतर वरचा उकार खालच्या मात्रेत घुसतो. एका भिंतीवर एकच वचन. चार दाटीने लिहिली तर एकही वाचलं जात नाही.

पेंटरला तोंडी सांगू नका, पुस्तकातून उतरवलेला कागद द्या. भिंतीवर आधी खडूने आखून घ्या आणि शाळेतल्या मास्तरांसकट दोघांना मोठ्याने वाचायला लावा. ह्रस्व-दीर्घाची चूक खडूत असताना फडक्याने पुसता येते. खाली कोणाचं, कोणत्या ग्रंथातलं, ते बारीक अक्षरांत लिहाच.

प्रश्न : चाळीस वर्षं ग्रामगीता वाचतो. आवडलेल्या ओव्यांच्या वह्या होत्या, दोन उधईने खाल्ल्या. नातवंडांसाठी नवी वही करायची आहे. माझी माय निंदणाच्या वेळी काही बोल म्हणायची, तेही लिहावेत का?
(सेवानिवृत्त कोतवाल, ता. तिवसा, जि. अमरावती)

उत्तर : काका, मायचे बोल आधी लिहा. ग्रामगीता छापलेली आहे, १९५५ पासून लोकांच्या हाती आहे. मायचे बोल तुमच्याखेरीज कुठेच नाहीत.

दोनशे पानी, शिवलेल्या बांधणीची वही घ्या. डाव्या पानावर फक्त वचन, उजवं पान मोकळं. उजवीकडे कुठून घेतलं ते लिहा : ग्रामगीतेचे ४१ अध्याय आहेत, म्हणून अध्याय आणि ओवी क्रमांक दोन्ही हवेत. नंतर जेव्हा जेव्हा ते वचन कामी आलं, त्या वेळेची एक ओळ तारखेसह तिथेच टाका : वाटणीच्या बोलण्यात, धुऱ्याच्या भांडणात, आजारपणात. कामी न आलं तर तेही. नातवंडांना हे उजवं पान जास्त उपयोगी पडेल. तीनशे ओव्या उतरवण्यापेक्षा तीस अशा भरल्या तर पुरे.

मायचे बोल तिच्या तोंडी होते तसेच वऱ्हाडीत लिहा, पुस्तकी करू नका. कोणत्या वावरात, कोणतं काम चालू असताना, कोणाला उद्देशून, हे सोबत हवं. बहिणीला वेगळं आठवत असेल तर दोन्ही पाठ लिहा. म्हाइंभटांनी तेराव्या शतकात हेच केलं. चक्रधरस्वामींच्या सहवासात असलेल्या माणसांना विचारून विचारून त्यांनी आठवणी गोळा केल्या आणि तुमच्याच जिल्ह्यातल्या रिद्धपूरला लीळाचरित्र सिद्ध झालं. कोणत्या गावी, कोणत्या प्रसंगी स्वामी काय म्हणाले, हे त्यात नोंदलेलं असल्याने ते बोल आजही जिवंत माणसाचे वाटतात.

शाई बॉलपेनची वापरा. जेल पेनचं अक्षर पावसाळी ओलीत पसरतं. वही पत्र्याच्या पेटीत ठेवा, पेटी विटांवर आणि भिंतीपासून चार बोटं दूर, कारण उधई जमिनीतून आणि भिंतीतूनच येते. कडुलिंबाच्या पाल्यावर विसंबू नका. दर दोन महिन्यांनी पेटी उघडून बघा. प्रत्येक पानाचा मोबाइलवर उजेडात फोटो काढून दोन नातवंडांकडे ठेवा.

प्रश्न : मुलगी आठवीत आहे, वक्तृत्व स्पर्धेच्या तीन मिनिटांच्या भाषणात दहा सुविचार घातले आहेत. कमी करावेत का?
(पालक, ता. सावनेर, जि. नागपूर)

उत्तर : एकच ठेवा. तीन मिनिटांत साधारण तीनशे शब्द होतात. दहा वचनांनी त्यातले शंभर खाल्ले तर तिचं स्वतःचं म्हणणं कुठे मावणार? वचन सुरुवातीला नको, सगळे तिथेच टाकतात. आपल्या गावातलं एखादं उदाहरण सांगून झाल्यावर, दुसऱ्या मिनिटाच्या आसपास घ्या. आधी कोणाचं ते सांगावं, मग वचन, मग दोन सेकंद थांबावं. घड्याळ लावून चार-पाचदा म्हणून घ्या. पाठ करताना पूर्ण अभंगच पाठ करू द्या, म्हणजे परीक्षकांनी पुढची ओळ विचारली तर ती अडणार नाही.